साकवाचं टेंडर आणि पिवळं उद्गारचिन्ह

मे महिन्याच्या तिसऱ्या आठवड्यात एका संध्याकाळी वळवाचा पाऊस आला. वीज समोरच्या माडावर पडली. माडाचा शेंडा जळला आणि त्याच क्षणी मामांच्या ऑफिसातला नऊ वर्षांचा कॉम्प्युटरही गेला. प्लग काढून ठेवायचा हे आमच्याकडे लहान पोरालाही ठाऊक असतं. त्या दिवशी मात्र सगळे आंब्याच्या पेट्या भरायला कलमांत, म्हणजे बागेत, गेलो होतो आणि घरात फक्त आजी होती. तिला वाटलं, पडदा काळा आहे म्हणजे बंदच आहे.

मामा छोटे ठेकेदार आहेत. साकव म्हणजे ओढ्यावरचे छोटे पूल, पाखाड्या म्हणजे पायऱ्यांच्या वाटा, संरक्षक भिंती, कुठे विहिरीचा कठडा, असली कामं. कुणकेश्वर आणि मिठबावच्या मधल्या आमच्या गावात त्यांचं ऑफिस म्हणजे माजघराशेजारची खोली. मी अंधेरीत दहा वर्षं डाटा एंट्री करून गावी परतले, तेव्हापासून त्यांची टेंडरं मी भरते. मामांना कामाचं सगळं कळतं. व्हाळाला, म्हणजे ओढ्याला, पावसात पाणी कुठवर चढतं, वाळू कुठली चांगली, कुठला गवंडी कधी दांडी मारणार हे ते तोंडपाठ सांगतील. कॉम्प्युटरचं मात्र ते नावसुद्धा ‘मशीन’ असं घेतात.

त्या वेळी एका व्हाळावरच्या साकवाचं टेंडर सुरू होतं. सोमवारी दुपारी तीनला बंद होणार होतं. मशीन गेलं ते मंगळवारी.

बुधवारी कणकवलीहून जुनाच, पण दुरुस्त करून विकतात तसला डेस्कटॉप आणला. विंडोज १०, ६४ बिट. दुकानदाराने एक्सेल वगैरे घालून दिलं होतं. जुना कॉम्प्युटर विंडोज ७ वर होता, तोही ३२ बिट. हा ३२ आणि ६४ चा फरक पुढचे पाच दिवस माझी पाठ सोडणार नव्हता, पण तेव्हा मी खुशीत होते. नवा पडदा मोठा होता.

टेंडरच्या पोर्टलवर आत शिरायलाच डिजिटल सही लागते. आजकाल बहुतेकांची सही पेन ड्राइव्हसारख्या टोकनमध्ये असते. मामांनी सही काढली तेव्हा ज्याने काढून दिली त्याने चिपचं कार्ड आणि ते वाचणारा रीडर दिला होता. पुढे मुदत संपली की त्याच कार्डावर नवी सही भरून घ्यायची, असं चाललं होतं. कार्ड एटीएम कार्डाएवढं. रीडर काळा, साबणाच्या वडीएवढा, त्याची यूएसबीची वायर दोन ठिकाणी चिकटपट्टीने बांधलेली. खरं तर टोकनमध्येही आत हेच दोन भाग असतात, एक चिप आणि तिला वाचणारं सर्किट, फक्त एकाच प्लास्टिकमध्ये बसवलेले. आमच्याकडे ते सुटे होते. हे सुटं असणं आधी नडलं आणि नंतर त्यानेच तारलं.

गुरुवारी सकाळी रीडर लावला. ‘टुंग’ असा आवाज आला आणि पुढे काहीच नाही. रीडरवरचा दिवा लागला नाही. डिव्हाइस मॅनेजर, म्हणजे जोडलेल्या उपकरणांची विंडोजमधली यादी, उघडून पाहिला, तर ‘अदर डिव्हायसेस’ खाली स्मार्ट कार्ड रीडर असं नाव आणि त्याच्या डोक्यावर पिवळं उद्गारचिन्ह. प्रॉपर्टीजमध्ये कोड २८. म्हणजे या उपकरणाचे ड्रायव्हर, विंडोजला ते चालवता यावं म्हणून लागणारे छोटे प्रोग्रॅम, बसवलेले नाहीत.

दुकानदाराला फोन केला. तो म्हणाला, “ड्रायव्हर टाका ना ताई.”

हे वाक्य पुढच्या चार दिवसांत मी निदान आठ जणांकडून ऐकलं. दुकानदार, मावसभाऊ, सही काढून देणारा, सगळ्यांनी हेच सांगितलं. कसला ड्रायव्हर, हे एकानेही विचारलं नाही. ताप आला तर गोळी घ्या म्हणावं, तसं.

रीडरबरोबर आलेली सीडी कपाटात सापडली. नव्या डेस्कटॉपला सीडीची खाचच नाही. शेजारच्या शाळेतल्या गुरुजींच्या जुन्या लॅपटॉपवर ती पेन ड्राइव्हवर उतरवून घेतली आणि ‘अपडेट ड्रायव्हर’मधून तो फोल्डर दाखवला. विंडोजने सांगितलं की या फोल्डरमध्ये तुमच्या उपकरणाला चालेल असा ड्रायव्हर नाही, असलाच तर तो ६४ बिटच्या विंडोजसाठी बनवलेला आहे याची खात्री करा. सीडीवर फक्त एक्सपी आणि विंडोज ७ चे ३२ बिटचे ड्रायव्हर होते. ३२ बिटचा साधा प्रोग्रॅम ६४ बिटच्या विंडोजवर चालून जातो, म्हणून आपल्याला वाटतं ड्रायव्हरही चालेल. पण असला ड्रायव्हर विंडोजच्या अगदी गाभ्यात शिरून बसतो आणि तिथे ३२ ला थारा नाही.

मग मी ती चूक केली जी सगळे करतात. रीडरचं नाव टाकून शोधलं आणि पहिल्या दिसलेल्या साइटवर गेले. मोठं हिरवं ‘डाउनलोड’चं बटण. ब्रॉडबँडची केबल रस्त्याच्या खोदकामात तुटून आठवडा झाला होता, त्यामुळे नेट मोबाइलचं, आणि मोबाइलला रेंज फक्त खळ्यात, म्हणजे अंगणात, तुळशीपाशी. तिथे उभं राहून फाइल उतरवली, आत नेऊन चालवली. तो ड्रायव्हर नव्हताच. तो होता ड्रायव्हर शोधून देणारा कुठलासा प्रोग्रॅम. त्याने दोन मिनिटं मशीन तपासल्याचं नाटक केलं, तुमचे सदतीस ड्रायव्हर जुने आहेत असं लाल अक्षरांत सांगितलं आणि पैशांसाठी बँकेच्या कार्डचा नंबर मागितला. ब्राउझरचं पहिलं पान बदललं ते वेगळंच. तो प्रोग्रॅम काढून टाकून, विंडोजच्या डिफेंडर या अँटीव्हायरसने पूर्ण मशीन तपासून घेण्यात माझी संध्याकाळ गेली. ज्या मशीनवरून मामांच्या नावाने सही होणार, त्यात मी कुणाला घरात घेतलं होतं या विचाराने रात्री नीट झोपही लागली नाही.

शुक्रवारी डोकं थंड ठेवून बसले आणि मग कळत गेलं.

डिव्हाइस मॅनेजरमध्ये त्या पिवळ्या चिन्हाच्या उपकरणावर उजवं क्लिक, प्रॉपर्टीज, मग ‘डिटेल्स’. तिथल्या यादीत ‘हार्डवेअर आयडीज’ निवडलं की व्हीआयडी आणि पीआयडी दिसतात. पहिला बनवणाऱ्याचा नंबर, दुसरा त्या मॉडेलचा, दोन्ही चार चार अक्षरांचे. रीडरवर छापलेलं नाव पुसलं गेलं असलं, विकणाऱ्याने वर स्वतःचं स्टिकर मारलं असलं, तरी हे नंबर बदलत नाहीत. आमच्या रीडरवर स्टिकर एकाचं होतं आणि व्हीआयडी दुसऱ्याच कंपनीचा निघाला. म्हणजे कालपासून मी नावच चुकीचं शोधत होते.

त्याच यादीत खाली ‘कम्पॅटिबल आयडीज’ आहे. माझ्या मते ही सगळ्यात कामाची जागा, आणि तिथे कोणी बघत नाही. यूएसबीच्या उपकरणांचे वर्ग ठरलेले असतात. कीबोर्ड-माउसचा एक, पेन ड्राइव्हचा एक, तसा स्मार्ट कार्ड रीडरचा वर्ग ०बी. या वर्गातल्या रीडरने कॉम्प्युटरशी कसं बोलायचं त्याचे नियम सीसीआयडी नावाने ठरलेले आहेत. त्या नियमांची १.१ ही आवृत्ती २००५ सालची. रीडर हे नियम पाळत असेल तर विंडोज ७ पासून पुढे त्याला वेगळी फाइलच लागत नाही, विंडोजच्या पोटात आधीच असलेला ड्रायव्हर त्याला उचलतो. पेन ड्राइव्ह लावताना आपण कुठे सीडी शोधतो? तसंच.

आमच्या रीडरच्या यादीत ‘क्लास_०बी’ नव्हता. ‘क्लास_एफएफ’ होता. एफएफ म्हणजे मी कुठल्याच ठरलेल्या वर्गात बसत नाही, माझी भाषा फक्त माझ्या कंपनीला कळते. आमचा रीडर सीसीआयडी न पाळणाऱ्या जुन्या पिढीतला होता. त्याला त्याच्याच कंपनीचा ड्रायव्हर हवा, दुसरा कुठलाही घालून उपयोग नाही.

खऱ्या कंपनीच्या साइटवर गेले. जुन्या मॉडेलांचं एक पान होतं, त्यात आमचं मॉडेल नव्हतं. त्याच्याच पुढच्या, सीसीआयडीवाल्या भावंडाची झिप होती. ती घेतली. आत एक्स८६ (३२ बिटचा) आणि एक्स६४ (६४ बिटचा) असे दोन फोल्डर. एक्स६४ मध्ये चार फाइली: आयएनएफ, सिस, कॅट आणि एक डीएलएल.

आयएनएफ फाइल नोटपॅडमध्ये उघडते, हे मला त्या दिवशी पहिल्यांदा कळलं. साधा मजकूर असतो. कुठल्या व्हीआयडी-पीआयडीला हा ड्रायव्हर लागू आहे आणि कुठली फाइल कुठे ठेवायची हे ओळीने लिहिलेलं. ६४ बिटच्या भागाच्या नावात ‘एनटीएएमडी६४’ असं येतं. मशीनमध्ये इंटेलचा प्रोसेसर असला तरीही तेच. ते बघून मी आधी घाबरले होते, की आमच्यात तर एएमडी नाही. तसं काही नसतं. ६४ बिटची ती पद्धत एएमडीने आधी आणली म्हणून नाव चिकटलं. आमचा पीआयडी त्या फाइलीत कुठेच नव्हता.

मावसभाऊ इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला आहे. तो व्हिडिओ कॉलवर म्हणाला, “अगं सोपं आहे. त्या फाइलीत आपला पीआयडी लिही नि टाक.” लिहिला. विंडोजने नाकारलं: या फाइलीचा हॅश दिलेल्या कॅटलॉगमध्ये नाही.

इथे त्या कॅट फाइलीचा अर्थ लागला. ड्रायव्हर बनवणारा आपल्या सगळ्या फाइलींचे ठसे त्या कॅटलॉगमध्ये नोंदवतो आणि कॅटलॉगवर सही करतो. नंतर आयएनएफमध्ये एक अक्षर जरी बदललं तरी ठसा जुळत नाही. मामांची सही ज्या तत्त्वावर चालते, त्याच तत्त्वावर ड्रायव्हरचीही. टेंडरचा कागद सही झाल्यावर कोणी बदलला तर कळतं, तशी ही फाइल मी बदलली हे विंडोजला कळलं.

मावसभावाकडे त्यालाही उतारा होता. शिफ्ट दाबून रीस्टार्ट कर, स्टार्टअप सेटिंग्जमध्ये जा, सात नंबर दाब, सही तपासणं बंद होतं. खरं आहे, होतं. पुढच्या रीस्टार्टपर्यंत बंद राहतं. मी सातच्या पडद्यापर्यंत गेलेही. तिथे बसून विचार केला, की हे मशीन कशासाठी आहे? सही करण्यासाठी. आणि तिथेच मी सही तपासणाऱ्या दारवानाला घरी पाठवणार? शिवाय ड्रायव्हर दुसऱ्या पिढीचा. बसला तरी आमच्या रीडरची भाषा त्याला येणार होती थोडीच. एंटर दाबून बाहेर आले. मावसभाऊ अजून म्हणतो की मी घाबरट आहे.

मामा दारात उभे होते. “काय गो बाय, झाला?”

मी त्यांना सगळं समजावलं. रीडरचा वर्ग, कंपनी, सही, ठसे. त्यांनी शांतपणे ऐकलं आणि म्हणाले, “सही माजी, कार्ड माजा, मगे ह्यो इचारणारो कोण?”

ह्याला उत्तर नव्हतं. पण त्या प्रश्नामुळे एक गोष्ट लख्ख झाली. कार्ड त्यांचं आहे, रीडर कोणाचाही चालेल. सही रीडरमध्ये नाही, चिपमध्ये आहे. सहीची गुप्त किल्ली चिपच्या बाहेर येतच नाही, कॉम्प्युटर चिपला फक्त ‘ह्यावर सही करून दे’ असं सांगतो. रीडर म्हणजे नुसता हमाल. हमाल बदलला म्हणून पेटीतला आंबा बदलत नाही. दोन दिवस मी हमालाची मनधरणी करत होते.

शनिवारी सकाळच्या एसटीने कणकवलीला गेले. जामसंडे, तळेबाजार, शिरगाव करत गाडी नांदगाव तिठ्यावर आली तोवर साडेदहा वाजले होते. मामांचे हिशेब बघणाऱ्या सीएंच्या ऑफिसात एक रीडर पडून असतो, हे मला ठाऊक होतं. त्यांचे बहुतेक पक्षकार आता टोकनवर गेलेत. मामांनी बजावलं होतं, “मोकळ्या हातान जाव नको, पेटी घेवन जा.” हापूसच्या शेवटच्या तोडीतली चार डझनांची पेटी मांडीवर घेऊन गेले होते. तिथल्या मॅडमनी पेटी घेतली, रीडर दिला आणि म्हणाल्या, “ह्याला काही टाकायला लागत नाही हां.” दोन दिवस आधी ह्यांना का फोन केला नाही, असं स्वतःला विचारत परत आले.

घरी येऊन रीडर लावला. ‘टुंग’. दिवा लागला. डिव्हाइस मॅनेजरमध्ये ‘स्मार्ट कार्ड रीडर्स’ असा नवा गट उघडला आणि त्याखाली विंडोजच्या स्वतःच्या यूएसबीसीसीआयडी ड्रायव्हरचं नाव. पिवळं चिन्ह नाही. ‘कम्पॅटिबल आयडीज’ मुद्दाम उघडून पाहिलं: क्लास_०बी. एकही फाइल न टाकता. ज्या फाइलीसाठी मी दीड दिवस खळ्यात उभी होते, तिची गरजच नव्हती.

मग कार्ड घातलं, आणि परत शांतता.

इथे मला एक आज्ञा उपयोगी पडली. कमांड प्रॉम्प्ट उघडायचा आणि ‘सर्टयुटिल’, मग एक जागा सोडून ‘-एससीइन्फो’ असं इंग्रजीत टाइप करायचं. विंडोजमध्येच असते ही. रीडर किती दिसतात, कार्ड आत आहे का, ते बोलतंय का, आत सह्या कुठल्या, सगळं ओळीने सांगते. आमच्याकडे रीडर एक, कार्ड आत आहे, पण रीसेटला प्रतिसाद देत नाही. कार्ड मुकं.

कार्ड आत गेलं की रीडर चिपला वीज देतो, मग रीसेटची तार हलवतो, आणि चिपने ठरलेल्या वेळात स्वतःची ओळख पाठवायची असते. तिला एटीआर म्हणतात. एटीआर आला नाही तर ड्रायव्हर कितीही चांगला असो, पुढे काही होत नाही. तेव्हा हा ड्रायव्हरचा घोळ नव्हता, तारांचा होता. चिपवरचे सोनेरी चौकोन खिडकीपाशी नेऊन पाहिले. काळपट थर, आणि कडेच्या एकावर हिरवट डाग.

समुद्रापासून आमचं घर फार तर अर्धा किलोमीटर. इथे सायकलची साखळी एका पावसाळ्यात गंजते, खिडकीचे बिजागर दोन पावसाळ्यांत. कॉम्प्युटर दुरुस्त करणाऱ्याला विचारा, दर पावसाळ्यानंतर रॅम काढून खोडरबराने घासणे हा त्याचा ठरलेला धंदा आहे. चिपवर सोन्याचा मुलामा असतो खरा, पण तो अतिशय पातळ, आणि आमचं कार्ड वर्षानुवर्षं त्या गंजक्या रीडरमध्येच अडकवून ठेवलेलं. जुन्या रीडरच्या खाचेत टॉर्च मारली तेव्हा आतल्या स्प्रिंगांच्या पट्ट्या तांबूस दिसल्या. म्हणजे त्याचा ड्रायव्हर मिळाला असता तरी तो किती दिवस चालला असता, देव जाणे.

चिप खोडरबराने घासायची नाही असं मी ठरवलं, मुलामा आहे तोही जायचा. देवगडहून मोबाइल दुरुस्त करणाऱ्या पोराकडून आयसोप्रोपिल अल्कोहोल आणलं होतं, ते कापसाला लावून हलक्या हाताने पुसलं, पंख्याखाली वाळवलं. डेस्कटॉपच्या पुढच्या यूएसबीऐवजी मागच्या, थेट मदरबोर्डवरच्या खाचेत रीडर लावला. पुढची खाच ढिली होती. परत तीच आज्ञा. ह्या वेळी एटीआर आला. कार्ड बोललं.

पण विंडोजला ते कोण हे कळलं नाही. डिव्हाइस मॅनेजरमध्ये ‘अननोन स्मार्ट कार्ड’. पुन्हा पिवळं चिन्ह!

आता मात्र मी हसले. कारण हे चिन्ह वेगळं होतं. गुरुवारचं चिन्ह रीडरचं, हे कार्डाचं. रीडरचा ड्रायव्हर कार्डापर्यंत निरोप पोचवतो, पण कार्डाच्या आत फाइली कशा ठेवल्यात आणि सही कशी मागायची हे कार्ड बनवणाऱ्याचं सॉफ्टवेअर जाणतं. त्याला मिडलवेअर म्हणतात, काही ठिकाणी मिनीड्रायव्हर. लोक ह्यालाही ‘ड्रायव्हर’च म्हणतात, आणि सगळा गोंधळ तिथूनच सुरू होतो. ‘ड्रायव्हर टाका’ म्हणणाऱ्या आठांपैकी काही जण रीडरचा म्हणत होते, काही कार्डाचा, आणि आपण कुठल्याबद्दल बोलतोय हे बहुधा त्यांनाही ठाऊक नव्हतं.

रविवारी सही काढून देणाऱ्याचा फोन लागला नाही. सोमवारी सकाळी साडेनऊला लागला. मी म्हटलं, रीडर चालतोय, एटीआर येतोय, मला कार्डाचं ६४ बिटचं मिडलवेअर हवंय. पलीकडे क्षणभर शांतता, मग तो अदबीने म्हणाला, “मॅडम, लिंक पाठवतो.” अचूक शब्द वापरले की लोक लगेच मदत करतात, हा अंधेरीतला अनुभव इथेही खरा ठरला.

जुन्या सीडीवर मिडलवेअर होतंच, ३२ बिटचं. ते नव्या विंडोजवर बसलंही असतं. पण ब्राउझर ६४ बिटचा, आणि ६४ बिटचा प्रोग्रॅम ३२ बिटची डीएलएल, म्हणजे प्रोग्रॅमने उचलून वापरायची जोडफाइल, उचलत नाही. बसलंय पण सही दिसत नाही, असला छळ झाला असता. लिंकवरची फाइल उतरवली. चालवण्याआधी तिच्यावर उजवं क्लिक करून प्रॉपर्टीजमध्ये ‘डिजिटल सिग्नेचर्स’ बघितलं. सही सॉफ्टवेअर बनवणाऱ्याचीच, शाबूत. गुरुवारी मला हे सुचलं असतं तर.

बसवून रीस्टार्ट केलं तोवर साडेबारा. आणि लाइट गेली.

इन्व्हर्टर माजघराला आहे, ऑफिसच्या खोलीला नाही. शिवाय रेंज खळ्यात. मग मी आणि मामांच्या दोन गड्यांनी डेस्कटॉप उचलून पडवीत आणला. आंब्याच्या पेट्या एकावर एक ठेवून टेबल केलं, माजघरातून एक्स्टेन्शन ओढली, मोबाइल यूएसबीने जोडून पडवीच्या खांबाला सुतळीने बांधला, कारण तिथे रेंजच्या दोन काड्या येत होत्या. आजी म्हणाली, “सत्यनारायण आसा काय?”

कागद आधीच स्कॅन करून ठेवले होते. बयाणा रकमेची पावती जोडलेली, लिफाफा एक तयार, लिफाफा दोनमधली दरांची एक्सेल मामांनी रात्री तीनदा बदलायला लावलेली. आधी नऊ टक्के बिलो, म्हणजे सरकारी अंदाजापेक्षा तेवढे कमी, मग सात, मग साडेआठ. पोर्टल उघडलं, लॉगिनला सहीची यादी आली. यादीत मामांचं नाव. खाली पिनची चौकट.

पिन मीच टाकायची पद्धत होती इतकी वर्षं. खोटं कशाला बोलू. पिन कॅलेंडरच्या मागे लिहिलेला, कार्ड रीडरमध्ये, आणि मामा साइटवर. ठेकेदारांच्या ऑफिसांत जाऊन बघा, हेच दिसेल. माहिती तंत्रज्ञान कायदा २००० सालापासून ह्या सहीला कायद्याने हाताच्या सहीसारखीच मानतो. आपण कोणाला कोऱ्या कागदावर सह्या करून देतो का? त्या दिवशी मी खुर्चीतून उठले आणि मामांना म्हटलं, “तुम्ही टाका.”

त्यांनी चष्मा लावला, एका बोटाने एक एक आकडा दाबला. चूक. सही नवी करून घेताना पिन बदलला होता आणि ते जुना टाकत होते. चुकीचे पिन मोजून मोजके पडले की कार्ड कुलूपबंद होतं, आणि मग सगळं मुसळ केरात. मी कॅलेंडर आणायला धावले. दुसऱ्यांदा बरोबर बसला.

दोन वाजून वीस मिनिटांनी निविदा दाखल झाल्याची पोच पडद्यावर आली. लाइट नसल्याने प्रिंट काढता आली नाही, मोबाइलने फोटो काढला. गडी पडवीतल्या मशीनकडे बघत उभे होते. मामा चष्मा पुसत म्हणाले, “येवढा करून मशीनान काय केल्यान? सही तर मीच केलंय.”

त्याच आठवड्यात आम्ही नवा सीसीआयडी रीडर मागवला. विकणाऱ्याला मी फक्त एवढंच विचारलं होतं, की ह्याला विंडोजमध्ये स्वतःचा ड्रायव्हर लागतो का. ‘नाही’ म्हणाला तेव्हा घेतला. सीएंचा रीडर परत दिला. जुना रीडर मावसभाऊ घेऊन गेला, लिनक्सवर चालवून दाखवतो म्हणाला. तिकडचा नेहमीचा ड्रायव्हरही सीसीआयडीचीच भाषा बोलतो, असं त्याने आठवड्याने जरा पडेल आवाजात कळवलं.

कार्ड आता रीडरमध्ये राहत नाही. घट्ट झाकणाच्या बरणीत, बुटांच्या खोक्यातल्या सिलिकाच्या पुड्यांबरोबर असतं, आणि बरणी मामांच्या कपाटात. पिन कॅलेंडरवरून खोडलाय. साकव दुसऱ्याच कोणाला गेला, बारा टक्के बिलोने. मामा म्हणतात त्या दरात साकव उभा राहत नाही, पहिल्या पावसात व्हाळात बसतो. बघू. सध्या एका पाखाडीचं टेंडर निघालंय, आणि मामा पिन पाठ करतायत.